रंगमंचावरचा काल्पनिक दीपविधी: नियमापासून शेवटच्या क्यूपर्यंत

एकांकिकेत काल्पनिक जगातला दीपविधी घालायचा ठरला की बहुतेक ठिकाणी तीच सामग्री गोळा होते. निळा उजेड, मशीनचा धूर, गोल फिरणारी माणसं आणि संस्कृतसारखं काहीतरी पुटपुटणं. दिसायला बरं दिसतं, पण दुसऱ्या मिनिटाला प्रेक्षक खोकायला लागतात. कारण त्या उजेडाला काही कायदाच नसतो. तो कुठून आला, किती आहे, संपतो का, एका वेळी कोणाकडे असतो, हे लेखकालाच माहीत नसेल तर लाइट ऑपरेटरला कुठून कळणार? म्हणून इथे आधी नियम, मग दिवा, मग दिवा धरणारी माणसं आणि त्यानंतर वरचे स्पॉट (वर टांगलेले, एका जागी उजेड टाकणारे दिवे) असा क्रम ठेवला आहे. स्पॉट किती मिळतात ते बघून विधी रचायला बसलात तर हाती फक्त रोषणाई लागते.

सगळं एकाच उदाहरणावर दाखवलं आहे. विधीचं नाव 'सोपवण'. नदीकाठची एक वस्ती, जिथे वर्षातले काही महिने सूर्य उगवत नाही. वस्तीकडे उजेड एकच. तो सात जणांच्या हातांतून पुढे जातो आणि सातवा तो घेऊन नदीपार निघतो. मंच तीस फुटी, वेळ सुमारे साडेपाच मिनिटं.

आधी नियम ठरवा, आणि तो एकाच वाक्याचा ठेवा

सोपवणीचा नियम असा: उजेड वाढत नाही, फक्त हात बदलतो.

हा नियम मुद्दाम आपल्या सवयीच्या उलट घेतला आहे. दिव्याने दिवा लावला तर पहिला दिवा उणा होत नाही, हे आपल्याकडे लहान पोरालाही ठाऊक असतं. दीपमाळ त्याच भरवशावर उभी असते. इथे मात्र देणारा अंधारात जातो. पहिल्या सोपवणीत प्रेक्षक ते नुसतं बघतो, दुसऱ्या सोपवणीत त्याला नियम कळतो आणि तिसऱ्यापासून तो देणाऱ्याच्या चेहऱ्याकडे बघायला लागतो. पात्रांच्या तोंडी एकही स्पष्टीकरण घालावं लागत नाही.

नियम तुमचा वेगळा असू शकतो, पण तो तीन कसोट्यांवर घासून घ्या. तो बघून कळतो का, की कोणीतरी सांगावा लागतो? तो पाळताना कोणाचं तरी काही जातं का? आणि तो मोडायची वेळ आली तर मंचावर नेमकं काय दिसेल? तिसऱ्या प्रश्नाला उत्तर नसेल तर विधीत नाट्य नाही.

ओळखीच्या खुणांपासून सांभाळा. दिवा घेतलेला हात घड्याळाच्या दिशेने एकदा गोल फिरला की प्रेक्षागृहात 'आरती' हा शब्द उमटलाच. ताम्हण, पाच वातींचं निरांजन, घंटा, शंख यांचंही तेच. दिवटी आणि संबळ आले की गोंधळ झाला, ऊद जाळला की दर्गा आठवला. या खुणा वाईट नाहीत, फार ताकदीच्या आहेत. त्यांच्यापुढे तुमचं नवं जग टिकत नाही. सोपवणीत हात फक्त सरळ रेषेत पुढे येतो आणि मागे जातो. गोल हालचाल एकही नाही.

विधीचे शब्द

खोटं संस्कृत लिहू नका. ऐकणाऱ्याला ते लगेच कळतं, आणि नट ते नाकातून म्हणायला लागतात. साधं मराठी वाक्य घ्या आणि त्यालाही नियमात बांधा. सोपवणीचं वाक्य सात शब्दांचं आहे:

रात्र मोठी, हात लहान, तरी धर हा.

पहिला धारक पूर्ण वाक्य म्हणतो. दुसरा पुढे सोपवताना पहिला शब्द गाळतो, तिसरा पहिले दोन. असं करत सहाव्याकडे 'धर हा' एवढंच उरतं. सातव्याला सोपवायला पुढे कोणी नाही, त्यामुळे तो काहीच म्हणत नाही. माणसं कमी असली तरी हे जमतं. पाचच धारक असतील तर सुरुवात 'हात लहान, तरी धर हा' इथून करा.

वाक्य कुजबुजायचं नाही. अंधारात कुजबुज पाचव्या रांगेच्या पुढे जात नाही. नेहमीच्या आवाजात, नेहमीपेक्षा सावकाश म्हणायचं.

खरी ज्योत की बॅटरी

बंद नाट्यगृहात खरी ज्योत वापरू नका. बऱ्याच सभागृहांत ती चालतच नाही, आणि चालत असली तरी तीन अडचणी राहतात. पंखा किंवा एसीच्या झोताने ज्योत नेमक्या क्षणी विझते. अंधारात सात जण जवळजवळ उभे असतात आणि कपडे सैल असतात. शिवाय ज्योत हळूहळू झाकता येत नाही. झाकली तर काजळी धरते, विझते किंवा झाकण तापतं. आपला सगळा विधी झाकण्यावर उभा आहे.

उघड्या मैदानावर प्रयोग असेल आणि ज्योतच हवी असेल तर तिळाचं किंवा शेंगदाण्याचं तेल आणि कापसाची वात घ्या, रॉकेल नको आणि हातात कापूर तर नकोच. कपडे सुती हवेत. नायलॉन-पॉलिस्टर वितळून अंगाला चिकटतं. दोन्ही विंगांत वाळूची बादली, ओलं गोणपाट आणि अग्निशामक ठेवा. त्याच्याजवळ असा एक माणूस उभा करा ज्याला त्या वेळी दुसरं कुठलंही काम नाही.

दिवा बांधणं

इथे घाई करू नका. बाकी काही उणं राहिलं तरी चालतं, पण दिवा अडकला की विधी बसला.

दिव्यात इलेक्ट्रॉनिक डिमर घालण्याचा मोह होईल. तो टाळा. सात डिमर म्हणजे बिघडायच्या सात जागा. त्याऐवजी सरकतं झाकण करा: उजेड आत कायम चालू आणि त्यावर वरखाली होणारी नळी. नटाच्या बोटांत जेवढा ताबा असतो तेवढा कुठल्याच बटणात नसतो.

एका दिव्याला लागणारं सामान:

- ६३ मिमी पीव्हीसी पाइप, १५ सेंमी लांब (अंग)
- ७५ मिमी पीव्हीसी पाइप, ७ सेंमी लांब (झाकण)
- पातळ पारदर्शक प्लास्टिक शीट आणि बटर पेपर, ६ सेंमी उंचीची गुंडाळी होईल एवढं (खिडकी)
- ७५ मिमी व्यासाची लाकडी किंवा एमडीएफ चकती (टोपी)
- ५ मिमीचे वॉर्म व्हाइट एलईडी, सहा
- ६८ ओहमचे रेझिस्टर, सहा
- तीन पेन्सिल सेलचा होल्डर आणि छोटा स्विच
- ३ मिमी जाडीची फेल्टची पट्टी
- फेविकॉल, लाकडाचा भुसा, मॅट काळा आणि मातकट रंग

पाइप दुकानातच एकात एक घालून बघा. ७५ च्या पाइपचा आतला व्यास जाडीनुसार ७० मिमीच्या आसपास येतो. म्हणजे ६३ च्या पाइपभोवती साडेतीन मिमीची फट उरते, आणि ती फेल्टने भरायची आहे. जाड भिंतीचा पाइप घेतलात तर फट कमी होऊन झाकण अडकेल.

अंगाच्या १५ सेंमीपैकी खालचे ८ मुठीसाठी आणि वरचे ७ झाकण उतरून बसायला. अंगाच्या वरच्या तोंडावर ६ सेंमीची खिडकी बसवा. आतून प्लास्टिक, बाहेरून बटर पेपरचे दोन थर. एक थर ठेवलात तर एलईडीचे सहा ठिपके वेगवेगळे दिसतात, तीन केलेत तर उजेड मरतो. वर टोपी. टोपी आणि अंगाच्या वरच्या कडेला फेल्टची एकेक पट्टी चिकटवा. तिच्यामुळे झाकण हव्या त्या उंचीवर थांबतं, फटीतून उजेड गळत नाही आणि प्लास्टिकचा 'टक्' आवाज होत नाही. शांततेत तो आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जातो. झाकण आतून मॅट काळं रंगवा. पांढरं ठेवलंत तर खालच्या फटीतून उजेडाची रेघ दिसते.

वायरिंग सरळ आहे. सहाही एलईडी समांतर, प्रत्येकाला स्वतःचा रेझिस्टर. तीन सेलचे ४.५ व्होल्ट, एलईडी साधारण ३.१ व्होल्ट घेतो, उरलेल्या १.४ व्होल्टला ६८ ओहम लावले की सुमारे २० मिलिअँपिअर मिळतात. सहा मिळून १२०. चांगल्या अल्कलाइन सेलवर हे कित्येक तास चालतं, तरी प्रत्येक प्रयोगाला नवे सेल घाला. सेल उतरून ३.६ व्होल्टवर आले की याच हिशोबाने प्रवाह ७ मिलिअँपिअर होतो. दिवा लागलेला दिसतो पण उजेड पडत नाही.

रिचार्जेबल सेल घेणाऱ्यांचा घोटाळा इथेच होतो. ते मुळातच १.२ व्होल्टचे, म्हणजे तीन मिळून ३.६. दिवा पहिल्या दिवसापासून मिणमिणतो आणि दोष एलईडीला दिला जातो. रिचार्जेबलच वापरायचे असतील तर चार सेल आणि ८२ ओहम.

रंगाचं सांगायचं तर, तेलाच्या दिव्याचा किंवा मेणबत्तीचा उजेड सुमारे १९०० केल्विनचा (केल्विन जितके कमी तितका उजेड तांबूस) असतो आणि बाजारातला वॉर्म व्हाइट एलईडी २७०० चा. फरक डोळ्याला कळतो. खिडकीच्या आत ली कंपनीच्या २०५ नंबरच्या जिलेटिनचा (दिव्यापुढे लावायच्या रंगीत पारदर्शक कागदाचा) एक थर लावला की उजेड २१०० च्या आसपास येतो. तेवढं पुरे.

बाजारात लुकलुकणारे 'मेणबत्ती' एलईडी मिळतात, ते नको. त्यांची थरथर ठरलेल्या चक्राने होते, आणि सात एकत्र आले की ते चक्र उघडं पडतं. सोपवणीचा उजेड वाऱ्याला हलत नाही असंच ठरवून टाका. स्थिर उजेड जास्त परका वाटतो.

शेवटी अंगाला भुसा कालवलेला फेविकॉल थापा, वाळल्यावर मातकट रंग द्या. झाकण जिथे सरकतं त्या ७ सेंमीत मात्र भुसा लावू नका.

माणसं कुठे उभी करायची

प्रेक्षकांच्या उजव्या हाताला पुढच्या कोपऱ्यापासून डाव्या हाताच्या मागच्या कोपऱ्यापर्यंत तिरकी, किंचित वाकलेली ओळ धरा. दोघांमधलं अंतर साडेचार फूट. हा आकडा डोळ्याला बरा दिसतो म्हणून घेतलेला नाही. दिवा स्वतःच्या चेहऱ्यापासून दीड फुटावर असतो आणि शेजारी त्याच्या तिप्पट अंतरावर. उजेड अंतराच्या वर्गाने घटतो, त्यामुळे शेजाऱ्याला नववा हिस्सा मिळतो आणि तो अंधारातच राहतो. माणसं तीन फुटांवर आणलीत तर एका दिव्यात दोन चेहरे दिसायला लागतात आणि नियम ढिला पडतो.

सोपवताना दोघेही अर्धं पाऊल पुढे येऊन हात लांबवतात, म्हणजे दिवे मधोमध भेटतात. झाल्यावर दोघेही आपल्या खुणेवर परततात.

दिवा छातीजवळ हनुवटीखाली धरला की चेहरा भुतासारखा दिसतो. हनुवटीच्या उंचीवर, दीड फूट पुढे आणि थोडा बाजूला धरायचा. सातही जणांनी एकाच हातात, इथे डाव्या. याचं कारण स्पॉटच्या वेळी कळेल.

जमिनीवरच्या खुणांना अंधारात चमकणारी टेप लागते. दुकानात 'रेडियम टेप' मागितली की बहुतेक वेळा गाड्यांना लावतात ती परावर्तक टेप हातात येते. ती अंधारात चमकत नाही, तिच्यावर उजेड पडावा लागतो. हाताच्या ओंजळीत धरून बघा, ओंजळीतही दिसली तर घ्या. प्रयोगाआधी तिला दहा मिनिटं चांगला उजेड दाखवा आणि तुकडे नखाएवढेच कापा. मोठे तुकडे बाल्कनीतून विमानतळासारखे दिसतात.

कपडे सुती, बिनचमकीचे, चहाच्या पाण्यातून काढलेले मळकट पांढरे. शुभ्र पांढरं कापड कोपऱ्यातल्या उजेडातही पेटतं. लाल टाळा. अंधाराला सरावलेल्या डोळ्याला लाल रंग काळा दिसतो आणि निळा-हिरवा त्यामानाने उजळ. पुर्किंये नावाच्या चेक शास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात हे नोंदवलं, त्याच्याच नावाने हा परिणाम ओळखला जातो. रंगीत तालमीत ट्यूबलाइटखाली झकास दिसलेलं लाल उपरणं प्रयोगात नाहीसं होतं ते त्यामुळे.

एका सोपवणीची फोड

सगळा विधी म्हणजे हीच क्रिया सहा वेळा. ती हातात बसेपर्यंत पुढे जाऊ नका.

१. देणारा घेणाऱ्याकडे वळतो, वाक्य म्हणतो. घेणारा वाक्य संपेपर्यंत हलत नाही.

२. दोघे हात लांबवतात. दिव्यांच्या टोप्या एकमेकींना टेकतात. टोप्यांच्या कडेलाही फेल्ट हवाच.

३. टोप्या टेकल्या की देणारा झाकण वर ओढायला लागतो. पूर्ण बंद व्हायला चार सेकंद. मोजायचं नाही, श्वास सोडत ओढायचं.

४. देणाऱ्याची खिडकी दोन-तृतीयांश झाकली गेली की मगच घेणारा आपलं झाकण खाली सरकवायला सुरुवात करतो.

५. देणारा पूर्ण बंद. टोप्या सुटतात. देणाऱ्याचा हात सावकाश खाली, आणि तो तिथेच मान खाली न घालता उभा. अंधारात त्याने काहीही 'दाखवायचं' नाही.

चौथ्या पायरीतला उशीर का? दोघांनी एकदम अर्धं-अर्धं केलं तर कागदावर बेरीज एकच राहते, पण डोळा तसं मोजत नाही. पूर्ण उजेडाच्या साधारण १८ टक्के उजेड डोळ्याला निम्मा वाटतो आणि खराखुरा निम्मा उजेड पाऊण वाटतो. म्हणजे मध्यावर प्रेक्षकाला पाऊण अधिक पाऊण असा दीडपट उजेड दिसतो. नेमका जो नियम सांगायचा आहे तोच मोडतो. देणाऱ्याला थोडं आधी उतरू दिलं की बेरीज डोळ्याला सारखी वाटते.

तालीम तीन टप्प्यांत घ्या. आधी दिवसाउजेडी, रिकाम्या दिव्यांनी. मग डोळे मिटून, फक्त टोपीच्या स्पर्शावर. मग अंधारात. दुसरा टप्पा गाळलात तर नट तिसऱ्यात एकमेकांच्या दिव्याकडे टक लावून बघतात आणि चेहरे मरतात.

वरचे स्पॉट: दिव्याच्या मागे चालायचं

सहा एलईडींचा दिवा उगम म्हणून छान दिसतो, पण बाराव्या रांगेला चेहरा दाखवायला तो पुरत नाही. म्हणून प्रत्येक धारकाला वरून एक झाकीव स्पॉट. हा चेहऱ्यावर असतो, प्रेक्षकाला मात्र तो दिव्याचाच उजेड वाटला पाहिजे.

प्रोफाइल स्पॉट मिळाले तर उत्तम, कारण त्यांचा उजेड कापता येतो: डोक्यापासून छातीपर्यंत, जमिनीवर काही पडू द्यायचं नाही. फ्रेनेल (मऊ कडेचा उजेड देणारा स्पॉट) असेल तर बार्नडोअर (उजेड अडवणारी पत्र्याची पाखं) लावा. नुसता पार (उजेडाची कड कापता न येणारा साधा स्टेजचा दिवा) असेल तर त्याचं लांबट वर्तुळ जमिनीवर पडतंच. पुढे काळा फॉइल बांधून ते आवरा.

सातही स्पॉट नटाच्या डाव्या बाजूने, साधारण ४५ अंशांतून यावेत, कारण दिवा डाव्या हातात आहे. बाजू चुकली तर दिव्याकडचा गाल काळा आणि पलीकडचा उजळ दिसतो. प्रेक्षकाला नेमकं काय खटकलं ते सांगता येत नाही, पण विश्वास उडतो.

पातळी १५ ते २० टक्के. टंगस्टनचा (जुन्या पद्धतीचा, तारेचा) दिवा एवढा उतरवला की आपोआप तांबूस होतो, जिलेटिन लागत नाही. एलईडी पार कितीही उतरवला तरी रंग बदलत नाही, त्याचा रंग आधी बसवून घ्या. लाल-हिरवा मिसळून केलेला पिवळा चेहऱ्यावर मेल्यासारखा दिसतो. वॉर्म व्हाइट किंवा अंबरचा वेगळा एलईडी असलेलाच पार मागा.

एलईडीची आणखी एक खोड म्हणजे साध्या डीएमएक्सवर (लाइट-बोर्डाकडून दिव्याला हुकूम नेणाऱ्या पद्धतीत) शून्य ते २५५ एवढ्याच पायऱ्या असतात, आणि अगदी तळाला प्रत्येक पायरी डोळ्याला दिसते. हळू फेड (उजेडाची चढ-उतार) धक्के खातो. त्यावर उपाय असा की पारपुढे डिफ्यूजनचे (उजेड पसरवणाऱ्या दुधी कागदाचे) थर लावून त्याचा उजेडच कमी करा, मग तेवढ्याच उजेडासाठी फेडर (बोर्डावरची सरकपट्टी) वरच्या पायऱ्यांत चालतो. टंगस्टनची खोड उलटी. शून्यावरून उठायला तार वेळ घेते. तिला आधीपासून ४-५ टक्क्यांवर, जेमतेम लाल होईल इतकं तापतं ठेवा.

ऑपरेटरला एकच गोष्ट शंभरदा सांगा: स्पॉट दिव्याच्या अर्धा सेकंद मागे. पुढे कधीच नाही. दिवा उघडायच्या आत चेहरा उजळला की सभागृहात हमखास हसू फुटतं. या प्रसंगाचे फेड वेळेवर रेकॉर्ड करून बोर्डावरचं 'गो' बटण दाबण्यापेक्षा हाताने फेडर चालवलेले बरे. नट रोज थोडा वेगळा श्वास घेतो.

बाकी मंचावर रात्र म्हणून निळा. टंगस्टनवर ली २०१ लावला की उबदार दिव्यापुढे तो चांदण्यासारखा वाटतो, आणि साधारण एक-तृतीयांश उजेड पार जातो. १८१, म्हणजे काँगो ब्ल्यू, दिसायला मोहक, पण त्यातून जेमतेम एक टक्का उजेड बाहेर पडतो. कॉलेजच्या चार पारांवर तो लावून 'लाइट येतच नाही' म्हणून डोकं धरून बसण्यात अर्थ नाही. निळा मागून, ४ टक्क्यांवर, फक्त खांदे आणि डोक्यांच्या कडा दिसतील एवढा.

साध्या हॉलमध्ये वीज भिंतीतल्या सॉकेटमधून घ्यावी लागते. १५ अँपिअरच्या सॉकेटवर २३० व्होल्टला ३४५० वॅटची मर्यादा, म्हणजे १००० वॅटचे तीन, चौथा नाही. घरगुती एक्स्टेंशन बोर्डावर एकही नाही. आणि बाहेर जायच्या दारावरचे दिवे अंधार बिघडतो म्हणून झाकू नका.

धूर आणि आवाज

धुराने हवेतला उजेड दिसतो, पण आपल्याला दिसायला हवा तो हातातला दिवा. पडदा उघडायच्या वीस मिनिटं आधी थोडा धूर सोडून तो पसरू द्या, नंतर मशीन बंद. चालू प्रसंगात तिचा फुस्स आवाज नको. कोणा नटाला दमा असेल तर धूर पूर्ण वगळा. कोरडा बर्फ वापरू नका. त्याचा वायू हवेपेक्षा जड असतो, खोलगट जागी आणि पुढच्या रांगांत साचतो.

आवाजासाठी पातळ काचेचे, दांडीचे ग्लास आणि ओलं बोट. काठावरून बोट फिरवलं की सूर निघतो, पाणी वाढवलं की सूर उतरतो. पहिल्या धारकाचा ग्लास सर्वांत भरलेला, पुढे प्रत्येकाचा थोडा कमी, म्हणजे सूर चढत जातो. बोटाला तेलकटपणा असेल तर सूर निघत नाही, साबणाने हात धुवून बसवा. हा आवाज लहान असतो, माइक लागतोच. स्टीलची वाटी या कामाला चालत नाही.

क्यू

(क्यू म्हणजे उजेड किंवा आवाज बदलायचा ठरलेला क्षण.) ०:०० आधीच्या प्रसंगाचा उजेड १२ सेकंदांत खाली. निळा ४ टक्के.

०:१२ ते ०:४० काहीच नाही. ०:३० ला पहिला ग्लास. हा वेळ कापू नका. डोळ्याला अंधाराची पूर्ण सवय व्हायला वीस-तीस मिनिटं लागतात, पण पहिल्या अर्ध्या मिनिटातही बराच फरक पडतो. तेवढ्यात छोटासा दिवा मोठा होतो.

०:४० पहिला दिवा ६ सेकंदांत उघडतो. स्पॉट १ मागोमाग १८ टक्क्यांवर.

१:१० पहिली सोपवण. पुढे साधारण दर ३५ सेकंदांनी एक. तिसरी आणि चौथी थोडी जवळ घेतली तरी चालेल, सगळ्या सारख्या अंतराने आल्या तर कंटाळा येतो.

पाचव्या सोपवणीत देणारा बंद होतो आणि घेणारा उघडत नाही. सगळे स्पॉट शून्य, निळाही शून्य, ग्लास बंद. तीन सेकंद. मग सहावा दिवा अगदी बारीक फटीएवढा उघडतो आणि निळा परत ४ टक्क्यांवर येतो. नियम मोडला तर काय होईल, या प्रश्नाचं उत्तर म्हणजे हे तीन सेकंद. पाचच्या पुढे गेलात तर प्रेक्षकांना वाटतं फ्यूज उडाला, आणि कोणीतरी मोबाइल काढतो.

४:४० सातव्याच्या हाती उजेड. तो वळतो आणि डाव्या मागच्या विंगेतून जातो. त्याचा स्पॉट तो निघाल्यावर २ सेकंदांत उतरवा, पुढे फक्त हातातला दिवा. त्याचा उजेड विंगेच्या कापडावर पडून मावळेपर्यंत कोणी हलायचं नाही. विंगेत त्याने दिवा लगेच झाकायचा नाही, आणखी आठ-दहा पावलं चालत राहायचं. नाहीतर उजेड एकदम कापला जातो आणि नदी विंगेतच संपते.

५:२० निळा ४ वरून २ टक्क्यांवर, १० सेकंदांत.

जे हमखास बिघडतं

झाकण अर्ध्यात अडकतं: दमट हवेत फेल्ट फुगतो. पावसाळ्यात प्रयोग असेल तर फेल्टवर मेणबत्तीचं मेण घासा. एखादा दिवा लागतच नाही: स्विच प्रवासात दाबला गेलेला असतो किंवा होल्डरची स्प्रिंग ढिली असते. आठवा दिवा तयार करून डाव्या विंगेत ठेवा, पडदा उघडायच्या आधी सातही दिवे उघडून-झाकून बघा. प्रयोगात एखाद्याचा विझलाच तर त्याने झाकण उघडण्याची क्रिया पूर्ण करायची, स्पॉट नेहमीसारखा येईल. चेहऱ्यावर उजेड असला की दिवा विझलाय हे निम्म्या प्रेक्षकांना कळत नाही.

नट विंगेत मोबाइल बघत असतील तर ते मंचावर आंधळेच येतात. प्रवेशाआधीची पाच मिनिटं फोन बंद आणि विंगेत मंद लाल दिवा. लाल उजेडाने अंधाराची सवय फारशी मोडत नाही.

पातळ्या रिकाम्या सभागृहात दिवसा लावल्या असतील तर त्या चढ्या असतात, कारण दाराखालून उजेड येत असतो. पातळ्या रात्री किंवा दारं पडद्यांनी बंद करून लावा. लावताना बसायचं शेवटून तिसऱ्या रांगेत, बोर्डाजवळ नाही. बोर्डावरचा दिवा आणि लॅपटॉपचा पडदा ऑपरेटरच्या डोळ्याला फसवत असतो. पडद्याची ब्राइटनेस तळाला आणा आणि त्यावर लाल जिलेटिन चिकटवा.

आणि पुढचा प्रसंग. साडेपाच मिनिटं अंधारात बसलेल्या माणसाच्या डोळ्यावर पूर्ण उजेड टाकलात तर तो डोळे मिटतो आणि पहिली दोन वाक्यं त्याच्या कानावरून जातात. ३० टक्क्यांपर्यंत या, तेही वीस सेकंद घेऊन. त्याला तो भर दुपारचा उजेड वाटतो. बाकीचा पुढच्या चार-पाच मिनिटांत, संवाद चालू असताना, कोणाच्या लक्षात न येता चढवा.